नियमपुस्तकात नसलेली भिंत : अमेरिकेच्या कॉलेज फुटबॉलमधला वर्णभेद कसा चालायचा आणि कसा मोडला

शनिवार, ३० सप्टेंबर १९६७. अमेरिकेतल्या केंटकी राज्यात, लेक्सिंग्टन शहरात केंटकी विद्यापीठाचा मिसिसिपी विद्यापीठाशी फुटबॉलचा सामना होता. यजमानांच्या बचावफळीत नेट नॉर्दिंग्टन नावाचा एक कृष्णवर्णीय विद्यार्थी उतरला. तीनेक मिनिटं खेळला असेल. आधीपासून दुखरा असलेला खांदा पुन्हा निखळला आणि तो बाहेर आला. केंटकी २६-१३ असं हरलं.

धावफलकापुरतं बघितलं तर यात लक्षात ठेवण्यासारखं काही नाही. पण ही दोन्ही विद्यापीठं साउथईस्टर्न कॉन्फरन्स नावाच्या ज्या विद्यापीठांच्या गटाची सदस्य होती, तिचे सामने १९३३ पासून चालू होते आणि तेव्हापासून तिच्या दोन संघांमधल्या एकाही फुटबॉल सामन्यात कृष्णवर्णीय खेळाडू उतरलेला नव्हता. चौतीस वर्षं मैदानावर फक्त गोरे. त्या तीन मिनिटांनी हे थांबलं.

१९६७ हे साल जरा थांबून बघण्यासारखं आहे. व्यावसायिक बेसबॉलमध्ये जॅकी रॉबिन्सन १९४७ मध्येच आला होता. व्यावसायिक फुटबॉलची दारं १९४६ पासून पुन्हा उघडली होती. सरकारी शाळांमधलं वर्णविभाजन घटनाबाह्य आहे, असा सुप्रीम कोर्टाचा निकाल १९५४ चा. नागरी हक्क कायदा १९६४ चा. मग कॉलेजच्या पोरांच्या खेळाला एवढा वेळ का लागला? बरं, 'कृष्णवर्णीयांना खेळवू नये' असा नियम कॉन्फरन्सच्या पुस्तकात कधी नव्हताच. हा प्रश्न सोडवायचा तर आधी तो खेळ आणि त्याभोवतीचा कारभार समजून घ्यावा लागतो.

कॉलेजचा खेळ, पण कॉलेजपुरता नाही

हा फुटबॉल आपल्याकडचा नव्हे. लांबट चेंडू, डोक्याला हेल्मेट, खांद्यांवर गाद्या, आणि चेंडू पायापेक्षा हातातच जास्त. आपल्याकडे आंतरमहाविद्यालयीन सामन्यांना खेळाडूंचे मित्र आणि दोन-चार प्राध्यापक येतात. तिकडे शनिवारी पन्नास-साठ हजारांचं स्टेडियम भरतं. दक्षिणेकडच्या राज्यांत तर १९६० च्या दशकाच्या मध्यापर्यंत व्यावसायिक फुटबॉल संघ जवळजवळ नव्हतेच. अटलांटाचा संघ १९६६ मध्ये आला, न्यू ऑर्लिन्सचा १९६७ मध्ये. त्यामुळे राज्याची सगळी अस्मिता विद्यापीठाच्या संघावर जडलेली. मिसिसिपी किंवा अलाबामात विद्यापीठाचा संघ म्हणजे राज्याचा झेंडाच. त्या झेंड्याखाली कोण उभं राहणार, हा प्रश्न म्हणून राजकीय होता.

खेळाडूला पगार नसे. त्याला मिळे ती स्कॉलरशिप, म्हणजे फी, राहणं आणि जेवण. एकमेकांशी दरवर्षी खेळणाऱ्या विद्यापीठांचा गट म्हणजे कॉन्फरन्स. मोसमाअखेर निवडक संघांना मानाच्या 'बोल' सामन्यांचं निमंत्रण येई. त्यात पैसा आणि प्रसिद्धी दोन्ही. आणखी एक तांत्रिक बाब आहे, ती पुढे उपयोगी पडेल. त्या काळी पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला मुख्य संघातून खेळता येत नसे. तो फ्रेशमन संघात खेळायचा. फुटबॉलसाठी हा नियम १९७२ मध्ये गेला. म्हणजे एखाद्या मुलाने १९६५ च्या डिसेंबरात करारावर सही केली, तर मुख्य संघात त्याचं दर्शन १९६७ च्या शरदात.

न लिहिलेला करार

भिंतीचा पहिला थर उघड होता. दक्षिणेतली सरकारी विद्यापीठं कृष्णवर्णीयांना प्रवेशच देत नव्हती, मग संघात कुठून घेणार? दुसरा थर जास्त चलाख होता आणि माझ्या मते जास्त लाजिरवाणाही, कारण त्यात उत्तरेची साथ होती. दक्षिणेचा संघ उत्तरेच्या संघाशी सामना ठरवताना अट घालायचा की तुमचा कृष्णवर्णीय खेळाडू आमच्यासमोर येणार नाही. उत्तरेचं विद्यापीठ मान डोलवायचं. कागदावर काही नाही, फक्त शब्द. त्याला नाव होतं 'जेंटलमेन्स अग्रीमेंट'.

१९३४ मध्ये जॉर्जिया टेकचा संघ मिशिगन विद्यापीठाशी खेळायला ॲन आर्बरला आला. मिशिगनकडे विलिस वॉर्ड हा जबरदस्त कृष्णवर्णीय खेळाडू होता. पाहुण्यांची अट तीच. आणि मिशिगनने स्वतःच्या घरच्या मैदानावर, स्वतःच्या विद्यार्थ्याला बसवून ठेवलं. विद्यार्थ्यांनी निषेध केला, सह्या गोळा केल्या. वॉर्डचा जिवलग संघसहकारी खेळायला नाखूश होता. त्याचं नाव जेराल्ड फोर्ड, पुढे १९७४ मध्ये तो अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झाला. या सौद्याचा कळस असा की बरोबरी राखण्यासाठी जॉर्जिया टेकनेही आपला एक चांगला गोरा खेळाडू, हूट गिब्सन, त्या दिवशी बाहेर ठेवला. माणूस वजा करायचा तर दोन्ही पारड्यांतून एकेक, असा हिशेब. मिशिगनने सामना ९-२ ने जिंकला. त्या अख्ख्या मोसमातला त्यांचा तो एकमेव विजय.

खेळाडू बसवला नाही, तर मैदानावर त्याचं काय होई? २० ऑक्टोबर १९५१, ओक्लाहोमातलं स्टिलवॉटर. आयोवातल्या ड्रेक विद्यापीठाचा जॉनी ब्राइट तेव्हा देशातल्या सर्वोत्तम खेळाडूंपैकी एक होता. पहिल्या सात मिनिटांत त्याला तीनदा बेशुद्ध पाडलं गेलं. चेंडू त्याने दुसऱ्याकडे देऊन टाकला होता, खेळ पुढे सरकला होता आणि प्रतिस्पर्धी संघाच्या एका गोऱ्या खेळाडूने येऊन त्याच्या तोंडावर कोपर हाणलं. जबडा मोडला. वृत्तपत्राच्या दोन छायाचित्रकारांनी ही फ्रेममागून फ्रेम टिपली होती, त्यांना पुढच्या वर्षी पुलित्झर मिळालं. शिक्षा मात्र कोणालाच झाली नाही. कॉन्फरन्सने हात झटकले, म्हणून ड्रेकने कॉन्फरन्स सोडली. कोपर मारणाऱ्या खेळाडूच्या विद्यापीठाने दिलगिरी व्यक्त केली ती २००५ मध्ये. तेव्हा ब्राइटला जाऊन बावीस वर्षं झाली होती.

काही ठिकाणी तोंडी करार पुरेसा वाटेना. १९५६ च्या शुगर बोलमध्ये पिट्सबर्गकडून बॉबी ग्रिअर हा कृष्णवर्णीय खेळाडू उतरणार होता आणि समोर जॉर्जिया टेक होतं. जॉर्जियाच्या गव्हर्नरने संघाला जाऊच देऊ नये म्हणून आकांडतांडव केलं. त्यावर अटलांटात विद्यार्थ्यांनीच मोर्चा काढला, गव्हर्नरचे पुतळे जाळले. हे समतेचं आंदोलन होतं असं समजू नका. पोरांना शुगर बोल हवा होता. शेवटी सामना झाला, ग्रिअर खेळला. पण शुगर बोल जिथे होई त्या लुइझियाना राज्याने त्याच वर्षी मिश्र सामन्यांवर बंदी घालणारा कायदाच केला. तो पुढे कोर्टात टिकला नाही. मिसिसिपीत कायदा नव्हता, दंडक होता. १९६३ मध्ये मिसिसिपी स्टेटच्या बास्केटबॉल संघाला शिकागोच्या लॉयोला विद्यापीठाच्या मिश्र संघाशी खेळायचं होतं. कोर्टाचा मनाईहुकूम हातात पडू नये म्हणून कोच आणि विद्यापीठाचे अध्यक्ष आधीच राज्याबाहेर निघून गेले आणि संघ गुपचूप मिशिगनला पोचला. आपल्याच राज्यातून चोरासारखं पळून एक सामना खेळायचा!

केंटकीच का?

केंटकी हे उत्तर आणि दक्षिण यांच्या सीमेवरचं राज्य. यादवी युद्धात ते अमेरिकेतून फुटून निघालं नव्हतं. त्याच्या विद्यापीठात पदव्युत्तर वर्गाची दारं १९४९ मध्ये लायमन जॉन्सन यांनी कोर्टात जाऊन उघडून घेतली होती. पदवीच्या वर्गात प्रवेश १९५४ पासून. १९६३ मध्ये विद्यापीठाने संघ सर्वांना खुले असल्याचं जाहीर केलं. जाहीर करणं आणि करणं यांत अंतर असतंच. त्याच विद्यापीठाचा नावाजलेला बास्केटबॉल संघ मार्च १९६६ मध्येसुद्धा पूर्ण गोरा होता, आणि राष्ट्रीय अंतिम सामन्यात टेक्सस वेस्टर्नने पाचही कृष्णवर्णीय खेळाडू सुरुवातीला उतरवून त्याला हरवलं.

फुटबॉलमध्ये रेटा आला तो वरून. गव्हर्नर एडवर्ड ब्रेथिट आणि विद्यापीठाचे अध्यक्ष जॉन ऑस्वाल्ड यांना हे घडवून आणायचं होतं. ब्रेथिट यांनी १९६६ च्या जानेवारीत राज्याचा नागरी हक्क कायदा केला, दक्षिणेतला पहिला. शिवाय १९६४ च्या केंद्रीय कायद्याने एक सोय करून ठेवली होती: भेदभाव करणाऱ्या संस्थेचा केंद्रीय निधी बंद होऊ शकत होता. नीतिमत्ता आणि तिजोरी एका बाजूला आली की कामं लवकर होतात.

डिसेंबर १९६५ मध्ये लुईव्हिलच्या थॉमस जेफरसन हायस्कूलचा नेट नॉर्दिंग्टन गव्हर्नरच्या निवासस्थानी जेवायला गेला आणि सही करून आला. साउथईस्टर्न कॉन्फरन्समध्ये फुटबॉलची स्कॉलरशिप घेणारा तो पहिला कृष्णवर्णीय. त्याच्या पाठोपाठ ग्रेग पेजने सही केली. ग्रेग राज्याच्या आग्नेय टोकाच्या, डोंगराळ कोळसापट्ट्यातल्या मिडल्सबरोचा. दोघे एकाच खोलीत राहू लागले. एकट्याला घेतलं तर टिकणार नाही, दोघे असले तर एकमेकांना सावरतील, हा विचार त्यामागे होता आणि तो बरोबरही होता.

संघाचे कोच होते चार्ली ब्रॅडशॉ. त्यांची कडक शिस्त कुप्रसिद्ध होती. १९६२ मध्ये ते आले तेव्हा संघात ८८ मुलं होती. सराव असा की मोसम येईपर्यंत उरली तीस. लेक्सिंग्टनमध्ये तो संघ आजही 'थिन थर्टी' म्हणून ओळखला जातो. तेव्हा या दोघांनी जे भोगलं त्यात वर्णभेद किती आणि तिथल्या प्रत्येकाच्या वाट्याला येणारा छळ किती, हे वेगळं काढणं सोपं नाही. फरक एवढाच की गोऱ्या मुलाला वसतिगृहात परतल्यावर आपली माणसं भेटत होती.

पहिलं वर्ष दोघांनी काढलं. २२ ऑगस्ट १९६७ ला, दुसऱ्या मोसमाच्या सरावाला जेमतेम सुरुवात झाली असताना, चेंडूवाहकाच्या मागे धावून जाण्याच्या एका साध्या सरावात मुलांचा गठ्ठा एकमेकांवर कोसळला. ग्रेग त्यात सापडला. मान मोडली, मानेखालचं शरीर लुळं पडलं, श्वास यंत्रावर. अडतीस दिवस तो तसा होता. मोसम चालू झाला, इंडियानाविरुद्धचा पहिला सामना झाला, त्यात नॉर्दिंग्टन खेळला. पण इंडियाना वेगळ्या कॉन्फरन्समधलं, म्हणून ती नोंद वेगळी. २९ सप्टेंबरला, मिसिसिपीविरुद्धच्या सामन्याच्या आदल्या दिवशी, ग्रेग गेला.

दुसऱ्या दिवशी सामना झाला. मिसिसिपीच्या ज्या विद्यापीठात १९६२ मध्ये जेम्स मेरेडिथ या एका कृष्णवर्णीय विद्यार्थ्याच्या प्रवेशावरून दंगल पेटून दोन माणसं मेली होती, त्याच विद्यापीठाचा संघ समोर. एकोणीस-वीस वर्षांचा पोरगा. खोलीतली दुसरी खाट कायमची रिकामी. त्याला 'इतिहास घडव' असं सांगायचं म्हणजे काय, याचा विचार नंतर सोहळे करणाऱ्यांनी फारसा केलेला दिसत नाही.

पुढचे तीन आठवडे त्याने कसेबसे काढले. खांदा धड नव्हता. वर्गांना दांड्या पडू लागल्या, आणि शिक्षा म्हणून त्याचा मेसचा पास काढून घेतला गेला. ज्याचा एकुलता एक मित्र नुकताच गेला त्याच्यावर हा उपाय! नॉर्दिंग्टनने सामान बांधलं. जाण्यापूर्वी तो पहिल्या वर्षाच्या दोन कृष्णवर्णीय खेळाडूंना भेटला: विल्बर हॅकेट आणि ह्यूस्टन हॉग. मी चाललो, तुम्ही मात्र जाऊ नका, आम्ही सुरू केलंय ते पूर्ण करा, अशा आशयाचं तो बोलला. ते दोघेही सोडण्याच्या बेतात होते. राहिले. नॉर्दिंग्टन पुढे वेस्टर्न केंटकी विद्यापीठाकडून खेळला.

हॅकेट आणि हॉगच्या वाट्याला मग दक्षिणेतली मैदानं आली, प्रेक्षकांतून येणाऱ्या शिव्यांसकट. १९६९ मध्ये हॅकेट केंटकीचा कर्णधार झाला. साउथईस्टर्न कॉन्फरन्समध्ये कुठल्याही खेळातला पहिला कृष्णवर्णीय कर्णधार. पुढे तो याच कॉन्फरन्सच्या सामन्यांत पंच म्हणून वर्षानुवर्षं उभा राहिला. २००८ मध्ये एका सामन्यात पळत अंगावर आलेल्या क्वार्टरबॅकला, म्हणजे संघाची चाल हाकणाऱ्या खेळाडूला, त्याचा हात असा काही लागला की तो गडी आडवाच झाला. त्या चित्रफितीमुळे नव्या पिढीला हॅकेट माहीत झाला, कर्णधारपदामुळे नव्हे. लोकांच्या स्मरणाचं काही सांगता येत नाही.

एका सामन्याने भिंत पडली?

अमेरिकेत या विषयावर कोणाला विचाराल तर बहुधा वेगळीच गोष्ट ऐकायला मिळेल. १२ सप्टेंबर १९७० ला सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठाचा संघ बर्मिंगहॅममध्ये अलाबामाशी खेळला. पाहुण्यांच्या सॅम कनिंगहॅम या कृष्णवर्णीय फुलबॅकने, म्हणजे चेंडू घेऊन धावणाऱ्या खेळाडूने, १३५ यार्ड धाव घेतली, दोनदा चेंडू शेवटच्या रेषेपार नेला (टचडाउन) आणि पूर्ण गोऱ्या अलाबामाचा ४२-२१ असा धुव्वा उडाला. त्या संध्याकाळी दक्षिणेचे डोळे उघडले, अलाबामाचे कोच बेअर ब्रायंट यांना मार्ग मोकळा झाला, असं सांगतात.

गोष्ट छान आहे, म्हणूनच संशय घ्यावा. त्या दिवशी विल्बर जॅक्सन नावाचा कृष्णवर्णीय खेळाडू अलाबामाच्या विद्यापीठात आधीच दाखल झालेला होता. फ्रेशमनचा नियम म्हणून मैदानात नव्हता. त्याहीआधी, १९६९ मध्ये, अलाबामाच्याच कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांच्या संघटनेने ब्रायंट आणि विद्यापीठाविरुद्ध कोर्टात दावा लावला होता की तुम्ही आमच्यातले खेळाडू मुद्दाम घेत नाही. टेनेसीकडून लेस्टर मॅक्लेन १९६८ पासून खेळत होता. म्हणजे भिंतीला भोकं पडून झाली होती. पण 'कोचला पराभवातून शहाणपण आलं' या गोष्टीत नायक कोच ठरतो. 'विद्यार्थ्यांनी कोर्टात खेचलं' या गोष्टीत तसं होत नाही. पहिली का टिकली, ते उघड आहे.

कृष्णवर्णीयांना मुख्य संघात घेण्यात सगळ्यात शेवटी आली जॉर्जिया, लुइझियाना स्टेट आणि मिसिसिपी ही तीन विद्यापीठं, १९७२ मध्ये. नॉर्दिंग्टनच्या तीन मिनिटांनंतर पाच वर्षांनी.

संघात जागा मिळाली तरी कुठली जागा, हा पुढचा प्रश्न होता. धावणारे, झेल घेणारे, अडवणारे चालत. डोकं चालवून संघ हाकणारा क्वार्टरबॅक मात्र गोराच हवा असे. अलाबामातल्या हंट्सव्हिलच्या काँड्रेज हॉलोवेला ब्रायंट यांनी सरळ सांगितलं की अलाबामा कृष्णवर्णीय क्वार्टरबॅकसाठी अजून तयार नाही. हे हॉलोवे स्वतःच सांगतो, आणि निदान खोटं बोलले नाहीत म्हणून ब्रायंट यांना मानतोही. तो टेनेसीला गेला आणि १९७२ मध्ये या कॉन्फरन्सचा पहिला कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक झाला.

ज्यांचं नुकसान झालं

दक्षिणेत कृष्णवर्णीयांची स्वतःची कॉलेजं होती आणि त्यांचा फुटबॉल दणकट होता. लुइझियानातल्या ग्रॅम्बलिंगमध्ये एडी रॉबिन्सन, फ्लोरिडा ए अँड एममध्ये जेक गेदर यांच्यासारखे कोच होते. अलाबामाच्या विद्यापीठाला नको असलेला बर्मिंगहॅमचा बक ब्युकॅनन ग्रॅम्बलिंगला गेला आणि १९६३ मध्ये अमेरिकन फुटबॉल लीग या व्यावसायिक स्पर्धेच्या नव्या खेळाडूंच्या निवडीत देशातून पहिला ठरला. मोठ्या गोऱ्या विद्यापीठांची दारं उघडली तसे असे खेळाडू तिकडे वळले. तिथलं स्टेडियम मोठं, टीव्ही तिथे, पैसा तिथे. मुलांना दोष देता येणार नाही. पण त्या मुलांना घडवणाऱ्या कृष्णवर्णीय कोचना मात्र कोणी बोलावलं नाही. खेळाडू घेतले, गुरू तिथेच राहिले. हायस्कुलांतही तसंच. दोन शाळा एकत्र झाल्या की मुख्य कोच बहुतेक वेळा गोऱ्या शाळेचाच राही आणि कृष्णवर्णीय कोच त्याचा सहायक होई.

मोठ्या, प्रामुख्याने गोऱ्या विद्यापीठाच्या फुटबॉल संघाला कृष्णवर्णीय मुख्य कोच मिळायला १९७९ उजाडलं. विली जेफ्रीज, कॅन्ससमधल्या विचिटा स्टेटमध्ये. साउथईस्टर्न कॉन्फरन्सला त्याहून खूप जास्त वेळ लागला. सिल्वेस्टर क्रूम हा ब्रायंट यांच्या हाताखाली खेळलेला, अलाबामाच्या सुरुवातीच्या कृष्णवर्णीय खेळाडूंपैकी एक, नंतर अनेक वर्षं व्यावसायिक संघांचा सहायक कोच. २००३ मध्ये अलाबामाची मुख्य कोचची जागा रिकामी झाली तेव्हा त्याची मुलाखत झाली, पण जागा दिली गेली वयाने आणि अनुभवाने त्याच्याहून लहान असलेल्या माइक शुला यांना. त्याच वर्षीच्या डिसेंबरात मिसिसिपी स्टेटने क्रूमला मुख्य कोच नेमलं. या कॉन्फरन्सच्या फुटबॉलमधला पहिला कृष्णवर्णीय मुख्य कोच, नॉर्दिंग्टन मैदानात उतरल्यानंतर छत्तीस वर्षांनी.